पास म्हणणारी बाई

केटरिंगवाल्याने सहा वाट्या माझ्यापुढे मांडल्या आणि खोलीतले सगळे माझ्या तोंडाकडे बघायला लागले. सगळे म्हणजे आमचे हे, माझी लेक आणि तो केटरिंगवाला स्वतः. त्याचं ऑफिस टायरच्या दुकानावर होतं. भिंतीवर सजवलेल्या टेबलांचे फोटो होते आणि खाली कुणीतरी चाकात हवा भरत होतं, त्या आवाजाने टेबलावरचे चमचे थरथरत होते. चमच्यांबरोबर मीही थरथरत होते, पण ते कुणाला दिसत नव्हतं.

पहिली वाटी उचलली. लाल होतं, म्हणजे टोमॅटोचं सूप असावं. तोंडात घेतलं, जिभेवर फिरवलं, डोळे मिटले, गिळलं. कोमट पाणी प्यावं तसं ते घशाखाली गेलं. आंबट नाही, गोड नाही, खारट नाही.

"काय?" ह्यांनी विचारलं.

"मागे तेल राहतंय," मी म्हटलं.

"सुपात तेल नाही घालत आम्ही, लोणी घालतो," केटरिंगवाला म्हणाला.

"तेच म्हणतेय. लोणी बरं नाही."

त्याचा चेहरा पडला. ह्यांनी लगेच आपली वाटी खाली ठेवली. लेकीच्या हातातला चमचा तोंडापर्यंत पोचलाच नव्हता, तिने तो तसाच वाटीत सोडला. पुढच्या पाच वाट्या आमच्याकडच्या कुणी चाखल्याच नाहीत. जिना उतरताना हे मोठ्या अभिमानाने म्हणाले, "बघितलंस? एका घोटात पकडला त्याला."

मला जिन्यातच खाली बसावंसं वाटलं.

आमच्या घरातली ही पद्धत समजून घेतली पाहिजे, नाहीतर पुढचं सगळं वेडगळ वाटेल. मी सत्तावीस वर्षं बिस्किटांच्या कारखान्यात चव तपासायचं काम केलं. पांढऱ्या भिंतींची खोली, अत्तर लावायचं नाही, मध्ये मध्ये कोमट पाण्याने चूळ भरायची आणि समोर आलेल्या बिस्किटावर कागदावर लिहायचं, पास किंवा नापास. मी नापास म्हटलं की अख्खा घाणा परत जायचा, मग मॅनेजर कितीही नाचो. ह्यांनी त्याची थट्टा करता करता घरात तोच नियम लावला. तोंडपाटीलकीचा पगार घेणारी ही एकटीच बाई, असं लोकांना सांगायचे आणि जेवायला बसलं की पहिला घास माझ्यापुढे धरायचे. "पास?" मी "पास" म्हटलं की जेवण सुरू. लेक दोन वर्षांची होती तेव्हापासून तीही चमचा हातात धरून वाट बघायची. थट्टा कधी संपली आणि नियम कधी झाला ते कळलं नाही. पाहुणे हसायचे. खोटं कशाला बोलू, मला फार बरं वाटायचं.

गेल्या वर्षी निवृत्त झाले. आणि तीन महिन्यांपूर्वी एक साधा ताप आला, चार दिवस राहिला, जाताना चव आणि वास दोन्ही घेऊन गेला. मी गुपचूप डॉक्टरांकडे गेले. ते म्हणाले, येईल परत. कधी, विचारलं तर म्हणाले, महिनाभरात, वर्षभरात, काही सांगता येत नाही. एखाद्याची नाही येत. हे सगळं त्यांनी कॉम्प्युटरकडे बघत सांगितलं. मला त्या माणसाचा इतका राग आला की औषधाची चिठ्ठी टेबलावरच विसरले आणि ती आणायला पुन्हा आत जावं लागलं.

घरी सांगितलं नाही. काय सांगणार? ड्रायव्हिंग शिकवणाऱ्याला दिसेनासं झालं तर तो सांगेल का? आमचे हे ड्रायव्हिंगच शिकवतात, म्हणून उदाहरण सुचलं. रोज सकाळी उठून मी आधी व्हिनेगरची बाटली नाकाला लावायचे. काही नाही. मग कांदा कापून हुंगायचे. डोळ्यांत पाणी यायचं, वास नाही. स्वयंपाक चमच्याने मोजून करायला लागले. ह्यांनी एकदा विचारलं, "हल्ली मीठ मोजतेस?" मी म्हटलं, "तुमचं बी.पी. बघितलंत का? डॉक्टरांनी कमी करायला सांगितलंय." त्यांचे डोळे पाणावले. वेळ मारून नेली, पण त्या डोळ्यांनी माझी झोप घालवली.

आणि अशात लेकीचं लग्न. लग्न साधं, सह्या करून. संध्याकाळी रिसेप्शन, दीडशे माणसं. खर्च ती आणि तिचा होणारा नवरा दोघं मिळून करणार होते, आपापल्या पगारातून साठवून. "एवढ्यातच बसवायचं, आई," असं तिने मला पहिल्याच दिवशी सांगितलं. "हॉल छोटा, फुलं नकोत, फोटोवाला मित्रच आहे. फक्त जेवण चांगलं हवं. ते तू बघ. मला त्यातलं काही कळत नाही."

ते तू बघ. झालं. माझ्या पायाला भिंगरी लागली ती तेव्हापासून. घरात बसवेना, बाहेर करमेना. फ्रिज उघडायचा, बंद करायचा. हे म्हणायचे, "अगं, मुलीचं लग्न आहे, परीक्षा नाही." त्यांना काय माहीत?

दुसऱ्या केटरिंगवाल्याकडे नणंदबाई सोबत आल्या. त्याच्याकडे मेनूची जाडजूड वही होती, प्रत्येक पानावर प्लॅस्टिक, आणि बोलणं असं की ऐकूनच पोट भरावं. मी दोन घास खाल्ले आणि पुन्हा म्हटलं, "मागे तेल राहतंय." दुसरं काही सुचलंच नाही. नणंदबाईंनी मान डोलावली. "मलाही तेच वाटलं, वहिनी. फक्त तुमच्यासारखं शब्दांत सांगता येत नाही." त्यांनी तोवर नुसती काकडी खाल्ली होती.

त्या रात्री... रात्री कसली, सात वाजले होते, मी गच्चीत कपडे काढायला गेले आणि तिथेच दोरीला धरून उभी राहिले. बारा दिवस उरले होते. चांगल्या केटरिंगवाल्यांना मी तेल लावून परत पाठवत होते आणि वाईट कुणाला चुकून पास करून बसले असते तरी मला कळलं नसतं. दीडशे माणसं लेकीच्या लग्नात तोंड वाकडं करणार आणि ते माझ्या जिभेमुळे. मला भीती वाटत होती. इतकी भीती मला बाळंतपणातही वाटली नव्हती.

मग डोक्यात आलं, चव कळत नाही तर काय झालं, डोळे आहेत ना? खाणाऱ्यांकडे बघायचं.

दुसऱ्या दिवशी दुपारी एकटीच बाहेर पडले. तीन खानावळी, एक कँटीन. आत जाऊन चहा मागवायचा आणि भांडी घासायच्या जागेजवळचं टेबल धरायचं. ताटं परत येताना बघायची. उष्टं टाकायची बादली बघायची. पहिल्या ठिकाणी बादली दीड वाजताच काठोकाठ. दुसऱ्या ठिकाणी लोक भात संपवत होते, भाजी ठेवत होते. तिसऱ्या ठिकाणी वेटरने विचारलं, "बाई, काही हरवलंय का बादलीत?" मी चहा अर्धा टाकून निघाले.

चौथं कँटीन बसडेपोतलं होतं. पत्र्याचं छप्पर, लांब बाकं, ड्रायव्हर-कंडक्टर खाली मान घालून जेवत होते. बोलत नव्हते. हे मला आवडलं. घाईतला माणूस बेचव जेवण चिवडतो, नाहीतर बडबड करतो. इथे पावाच्या तुकड्याने ताट पुसून काढत होते. आणि बादली? अडीच वाजले तरी तळाशी चार केळ्यांची सालं. मी उठून आत गेले.

आत साठीची एक बाई मोठ्या पातेल्यात डाव फिरवत होती. चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला. तिला सगळे मावशी म्हणत होते, मीही म्हटलं. "मावशी, लग्नाच्या रिसेप्शनचं जेवण कराल?"

"कुणाचं लग्न?"

"माझ्या लेकीचं. दीडशे माणसं. पैसे बेताचे आहेत, आधीच सांगते."

"बेताचे नसते तर माझ्याकडे कशाला आला असता?" ती हसली. "वार कुठला?"

"रविवार."

"रविवारी डेपोचं कँटीन बंद. भांडी माझी, माणसं माझी. बसेल तुमच्या पैशात. पण मला नखरे जमत नाहीत. सूप, रस्सा, दोन भाज्या, मटारभात, पाव, कस्टर्ड. ताटात गाजराचे पक्षी कापून ठेवा म्हणाल तर येणार नाही."

जीव भांड्यात पडला. पण ती पुढे म्हणाली, "या रविवारी सगळं थोडं थोडं करून घरी आणून देते. चाखून सांगा, म्हणजे नंतर कटकट नको." आणि तो जीव भांड्यातून परत बाहेर आला.

रविवारी दुपारी डबे आले. मावशी स्वतः आली नाही, तिच्या माणसाने दारात ठेवले आणि गेला. टेबलाभोवती आम्ही पाच जण: हे, लेक, नणंदबाई, होणारा जावई आणि मी. जावई शांत मुलगा, लिफ्ट दुरुस्त करतो, बोलण्याआधी विचार करतो. ह्यांना ते अजून झेपत नाही. मी रस्सा वाढला. रंग छान, बटाटे शिजलेले, वाफ येत होती. ह्यांनी नेहमीसारखा चमचा माझ्यापुढे धरला.

"पास?"

टेबलाखाली त्यांचा उजवा पाय जमीन दाबत होता. काळजीत असले की ते खुर्चीतही ब्रेक मारतात.

मी चमचा तोंडात घेतला. डोळे मिटले. काही नाही, नेहमीचं काही नाही. डोळ्यांपुढे ती रिकामी बादली आणली आणि म्हटलं, "पास."

सगळ्यांनी सुटकेचा श्वास सोडला. हे म्हणाले, "वा." नणंदबाई म्हणाल्या, "कशी घरगुती चव आहे. अंगावर येत नाही." लेक हळूहळू खात होती. तिने एकदा माझ्याकडे बघितलं, मग ताटाकडे. जावई टेबलावर इकडेतिकडे काहीतरी शोधत होता.

"काही हवंय का?" मी विचारलं.

लेकीने त्याच्या हातावर हलकेच चापट मारली. "नाही, नाही," तो म्हणाला. "पाणी."

मी तिथूनच मावशीला फोन लावला, सगळ्यांना ऐकू जाईल असा. "मावशी, अगदी असंच करा त्या दिवशी. यात काही म्हणजे काही बदलू नका." फोन ठेवला आणि तीन महिन्यांत पहिल्यांदा दुपारची झोपले.

मंगळवारी सकाळी मावशीचा फोन आला.

"ताई, राग मानू नका. घरात कुणाला पथ्य आहे का?"

"का?"

"नाही, मी काल हिशेब लावत होते. रविवारी कँटीन बंद म्हणून घरीच केलं आणि घाईत माझी मिठाची बरणी कँटीनमध्येच राहिली. मी माणसाला म्हटलं दुकानातून आणून तू टाक, त्याला वाटलं मी टाकलं. कशातच मीठ नव्हतं, ताई. ना रश्श्यात, ना भातात, ना भाज्यांत. मला घाम फुटला. आणि तुम्ही तर म्हणालात अगदी असंच करा."

माझ्या तोंडचं पाणी पळालं. मी खुर्ची शोधली, मिळाली नाही, ओट्याला टेकून उभी राहिले.

"तुमच्याकडे सगळ्यांनी खाल्लं?" मावशीने विचारलं.

"सगळ्यांनी. वा म्हणत."

ती आवाज खाली आणून म्हणाली, "तुम्हाला चव लागत नाही का, ताई?"

तीन महिने जे नवऱ्याला सांगितलं नाही, ते मी चार दिवसांच्या ओळखीच्या बाईला फोनवर सांगितलं. बादलीचंही सांगितलं. त्यावर ती इतकी हसली की मला फोन कानापासून लांब धरावा लागला. "बादली बघून आजवर कुणी ऑर्डर दिली नव्हती," ती म्हणाली. "तुम्ही घोर लावून घेऊ नका. मी मीठ बरोबर घालते. कुणाला कळायचं नाही. तुम्ही आपल्या पास म्हणा."

म्हणजे सुटले होते. जेवण चांगलं होणार होतं, पैशात बसत होतं, आणि माझी झाकली मूठ तशीच राहणार होती. मला आनंद व्हायला हवा होता. त्याऐवजी मी ओटा पुसला, पुसलेला ओटा पुन्हा पुसला, गॅस पेटवला आणि कशासाठी पेटवला ते न आठवल्यामुळे बंद केला.

लेक आतल्या खोलीतून आली. ऑफिसला जायचे कपडे घातलेले, पण चपला हातात.

"आई, एक सांगायचंय. बाबांना सांगू नकोस."

लग्न मोडतंय की काय, हेच पहिलं मनात आलं.

"मी आज अर्ध्या दिवसाची रजा घेतलीय. डॉक्टरांकडे जातेय." ती खुर्चीच्या कडेवर बसली. "मला काहीतरी झालंय. रविवारी तुम्ही सगळे छान छान म्हणत होतात आणि मला ते गवत खाल्ल्यासारखं लागलं. मटारभात, भाज्या, सगळंच. फक्त कस्टर्ड तेवढं गोड लागलं. काल रात्रभर वाचत बसले. कधीकधी असं मेंदूत काही बिघडलं की होतं म्हणे. पाच दिवसांवर लग्न आलंय, आई. त्याला काय सांगू?"

"त्यालाही तसंच लागलं असेल," मी म्हटलं.

"तो मीठ शोधत होता. मीच थांबवलं त्याला. आईने पास म्हटलंय, म्हटलं, तू वेडा आहेस का?" तिचे डोळे भरले. "मला लहानपणापासून हे असंच होतं. एखादी गोष्ट मला नाही आवडत आणि तू बरी म्हणतेस, की मग मी गप्प बसते. म्हणजे मलाच कळत नसणार. पण या वेळी फारच झालं."

माझ्या तोंडात मारल्यासारखं झालं. सव्वीस वर्षं ही पोर चमचा हातात धरून माझ्या तोंडाकडे बघत होती आणि मी त्याला प्रेम समजत होते.

"तुला काही झालेलं नाही," मी म्हटलं. "त्यात मीठ नव्हतं. मावशी घालायला विसरली. चव मला लागत नाही. तो ताप आला तेव्हापासून."

तिने डोळे पुसले. मला मिठी मारेल असं वाटलं होतं. ती उठून उभी राहिली.

"तीन महिने?" ती म्हणाली. "तीन महिने तू आम्हाला पास म्हणतेयस? आणि मी इथे मेंदूचे फोटो काढायला निघाले होते?"

"मला भीती वाटली."

"कशाची?"

"तुम्ही मला विचारायचं बंद कराल याची."

तिने चपला खाली टाकल्या, पायात घातल्या आणि दार लावून गेली. जोरात नाही, पण मला ते जोरातच ऐकू आलं.

संध्याकाळी ह्यांना मी सांगितलं. ते म्हणाले, "मला अळणी लागलं होतं गं. पण मला वाटलं माझ्या बी.पी.साठी तू सगळ्या रिसेप्शनलाच पथ्य लावलंस. मी भारावून गेलो होतो." मी हसायला लागले आणि हसता हसता रडले, आणि त्यांना दोन्हींतलं नेमकं कशावर काय बोलावं ते कळेना, म्हणून त्यांनी पायाने जमिनीवर ब्रेक दाबला. नणंदबाईंना कळलं तेव्हा त्या म्हणाल्या, "मला पहिल्या घासालाच कळलं होतं." मी मान डोलावली. माझी बाजू पडती होती.

लेक मात्र पुढचे दिवस कामापुरतीच बोलली. याद्या, साड्या, हॉलची किल्ली. जेवायला बसलो की ती माझ्याकडे न बघता खायला लागायची. मीठ कमी असलं तर न बोलता वरून घ्यायची. ती बरणी टेबलावर सरकताना मला रोज नव्याने लागायचं.

रिसेप्शनच्या दिवशी पाच वाजता मी हॉलच्या मागच्या स्वयंपाकघरात होते. पाहुणे सहाला येणार. मावशीची पातेली चुलीवर, तिची चार माणसं पाव कापत होती, वाफेने तिचा चष्मा आंधळा झाला होता. मी या पातेल्याकडून त्या पातेल्याकडे नुसती येरझाऱ्या घालत होते. झाकण काढायचे, वाफ तोंडावर घ्यायची, झाकण ठेवायचे. काही म्हणता काही नाही.

"ताई, बसा," मावशी म्हणाली. "मीठ घातलंय. मी स्वतः घातलंय."

"बरोबर पडलंय का?"

"आता ते कोण सांगणार? तुम्ही पास म्हणा आणि मोकळ्या व्हा."

तेवढ्यात मागचं दार उघडलं. लेक आली. नेसून, सजून, केसांत फुलं, आणि हाताने साडी घोट्याच्या वर धरलेली, कारण जमीन ओली होती. मागे जावई दारातच थांबला. तिने माझ्याकडे बघितलं नाही. सरळ रश्श्याच्या पातेल्याकडे गेली आणि मावशीसमोर तळहात पुढे केला. मावशीने डावातलं थोडं तिच्या तळहातावर ओतलं.

तिने फुंकर घातली. चाखलं. आणि सवयीने, अगदी सवयीने, मान वळवून माझ्याकडे बघितलं.

मी तोंड घट्ट मिटून घेतलं. इतकं कठीण काम मी कारखान्यात कधी केलं नव्हतं.

ती तशीच थोडा वेळ माझ्याकडे बघत राहिली. मग तिने पुन्हा तळहात पुढे केला, पुन्हा चाखलं, या वेळी डोळे मिटून. आणि म्हणाली, "नापास. मीठ कमी आहे. आणि थोडं आंबटही हवं."

सगळं स्वयंपाकघर थांबलं. मावशीने डाव हातात धरून माझ्याकडे बघितलं.

"माझ्याकडे काय बघता?" मी म्हटलं. "ती सांगतेय ना? टाका."